आमच्या आशाताईंना, उशिरा का होईना

आशाताई,
सप्रेम नमस्कार.

हे पत्र टपालानं पाठवलं असतं तर तुम्ही वाचून गुपचूप ठेवून दिलं असतं. म्हणून चारचौघांत लिहितोय.

साथीत राबलेल्यांना पदक द्यायची रीत जुनी आहे. फ्रान्सनं १८८५ मध्ये, कॉलऱ्याच्या साथीनंतर काढलेलं पदक कोरोनात पुन्हा सुरू केलं. आपल्याकडं १९७३ पासून राष्ट्रीय फ्लोरेन्स नाइटिंगेल पुरस्कार आहे. परिचारिका, एएनएम (उपकेंद्रातल्या नर्सबाई), एलएचव्ही (त्यांच्या कामावर देखरेख करणाऱ्या आरोग्य सेविका) यांना तो मिळतो, आणि मिळायलाच हवा. तुम्ही त्यात बसत नाही. सरकारदरबारी तुम्ही 'आशा', म्हणजे गावातली आरोग्य स्वयंसेविका. पगार नाही, मोबदला. कोरोनाच्या कामाचे केंद्राकडून महिन्याला हजार रुपये जादा, तेवढ्यात आमच्या गल्लीतला एक तरुण गडी उंबऱ्याबाहेर पडला नसता.

मे २०२२ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनं देशातल्या दहा लाखांवर आशांचा एकत्र गौरव केला. त्यातला तुमच्या वाट्याचा तुकडा केवढा, देव जाणे. आईला मात्र बक्षीस एकट्या तुम्हालाच मिळाल्यासारखं वाटलं. शेजारणीला साखर वाटून आली!

मला आभार मानायचेत ते दुसऱ्या लाटेतल्या त्या सकाळचे. मी पुण्यात अडकलेलो. अण्णांना अंगात कणकण होती, पण "मला काय झालं न्हाई" हा हेका. तुम्ही बोटाला ऑक्सिमीटर लावला, पंच्याण्णव आलं. दुसरं कुणी वहीत आकडा लिहून पुढच्या घरी गेलं असतं. तुम्ही म्हणालात, "अण्णा, अंगणात सहा मिनिटं चाला बघू." अण्णा तोऱ्यात चालले. परत बोट धरलं तर नव्वद. धाप नाही, तक्रार नाही, आणि आत ऑक्सिजन उतरत चाललेला. मग त्यांचं काही एक न ऐकता तुम्ही रुग्णवाहिकेला फोन लावलात आणि आईला आधार कार्ड, गोळ्यांची चिठ्ठी पिशवीत भरायला लावलीत. कोल्हापूरच्या सीपीआर रुग्णालयातल्या डॉक्टरांनी आणि सिस्टरांनी पुढचं सगळं केलं, त्यांचे उपकार आहेतच. पण अण्णांना वेळेत तिथं पोचवलं तुम्ही.

त्याच वर्षी, २०२१ च्या जुलैत पंचगंगेला महापूर आला. शाळेत हलवलेल्या माणसांत बीपी-शुगरच्या गोळ्या कुणाच्या घरी राहिल्यात, हे विचारत तुम्ही गुडघाभर चिखलातून हिंडत होता, असं आई सांगते. तुमचं स्वतःचं घर तेव्हा कुठल्या अवस्थेत होतं, हे आम्ही कुणी विचारलंसुद्धा नाही.

पदक माझ्या हातात नाही. तुमचा थकलेला मोबदला वेळेवर मिळावा म्हणून ग्रामसभेत बोलणं मात्र आहे, आणि येत्या सभेला मी गावी असणार आहे. सभा झाली की घरी जेवायला या. तांबडा-पांढरा अण्णा स्वतः करणार म्हणतात. चवीची जबाबदारी माझी नाही.

तुमचा,
अण्णांचा थोरला