चारच्या चहाबरोबर एक मफिन

ती. आई आणि बाबा,
शि. सा. न.

बाबा, तुम्ही फोनवर विचारलंत की कोंड्याचे मफिन शुगरला चालतात का, आणि आई मागून म्हणाली की चालत असतील तर गूळ घालून करते. दोघांना एकाच वेळी फोनवर उत्तर देणं मला आजवर जमलेलं नाही, म्हणून लिहूनच पाठवते. आईने वाचून दाखवावं, बाबांनी मध्ये न बोलता ऐकावं.

आधी गुळाचा निकाल लावू. बाबा, गूळ ही साखरच आहे. त्यात थोडं लोह असतं हे खरं, पण चमचाभर गुळातून मिळून मिळून किती मिळणार? रक्तातली साखर मात्र तो पांढऱ्या साखरेसारखीच चढवतो. मधाचंही तेच. 'नैसर्गिक' म्हणून कौतुक होणाऱ्या खजुरातही निम्म्याहून जास्त साखरच असते, सोबत थोडा चोथा असतो एवढंच. म्हणून माझ्या कृतीत गूळ नाही, मध नाही. खजूर चार आहेत आणि ते बारा मफिनांत वाटले जातात. आई, गोडीच्या गोळ्या कुटून घालायचा विचार करत असशील तर तोही सोड. त्यांत अ‍ॅस्पार्टेम असेल तर भट्टीच्या उष्णतेने त्याची गोडी जाते. सुक्रालोज आणि स्टीव्हिया टिकतात, पण केळं आणि सफरचंद असताना मला त्यांची गरज वाटत नाही.

आता 'चालतं का' याबद्दल. बाबा, तुमच्या त्या हाय फायबर बिस्किटांच्या पुड्याची मागची बाजू वाचा. घटकपदार्थ वजनाच्या उतरत्या क्रमाने छापलेले असतात, म्हणजे जे पहिलं ते सर्वांत जास्त. पहिला मैदा, मग साखर किंवा तेल, आणि कोंडा कुठेतरी खाली दिसला, तर पुढच्या बाजूला गव्हाची लोंबी कितीही मोठी छापलेली असो, ते बिस्कीट मैद्याचंच. 'साखर घातलेली नाही' म्हणजे साखर नाही असं नव्हे, आणि साखर खरंच नसली तरी पीठ असतंच की. पिठाची शेवटी साखरच होते.

मी राहते त्या टोरांटोचं तुमच्या आजाराशी जुनं नातं आहे. इन्सुलिन इथेच सापडलं, १९२१-२२ मध्ये, बँटिंग, बेस्ट, मॅक्लाउड आणि कॉलिप यांच्या हातून. जानेवारी १९२२ मध्ये लेनर्ड थॉम्पसन नावाच्या चौदा वर्षांच्या मुलाला इथल्याच जनरल हॉस्पिटलात ते पहिल्यांदा टोचलं. त्याआधी उपाय एकच होता, उपाशी ठेवणं. त्या काळी अमेरिकेत मधुमेह्यांना कोंड्याची बिस्किटं देत, आणि त्यासाठी कोंडा कापडात बांधून पांढरं पाणी जायचं थांबेपर्यंत नळाखाली धुवायचे. कोंड्याला चिकटलेलं पीठसुद्धा पोटात जाऊ नये म्हणून! चवीला ती बिस्किटं कशी असतील याची कल्पनाही करवत नाही. आज तेवढं कोणी सांगत नाही, पण मुद्दा तोच आहे. आई, तू चाळणीत उरलेला कोंडा वापरायचा म्हणतेस, त्यात बरंच पीठ असतं. गिरणीवाल्याला थोडी जाड भरड काढून द्यायला सांग, किंवा दुकानातून गव्हाचा कोंडाच वेगळा आण. तो फ्रिजमध्ये ठेव. कोंड्यात तेलाचा अंश असतो, बाहेर राहिला की खवट होतो. कडवट वास आला तर सरळ टाकून दे.

कोणत्या अन्नाने रक्तातली साखर किती वेगाने चढते याचं मोजमाप, ज्याला ग्लायसेमिक इंडेक्स म्हणतात, तेही इथल्याच विद्यापीठातल्या डेव्हिड जेंकिन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८१ साली मांडलं. त्यातली एक गोष्ट बाबांसाठी मुद्दाम सांगते. बारीक दळलेल्या गव्हाचा ब्राउन ब्रेड या मोजमापात पांढऱ्या ब्रेडच्या जवळजवळ बरोबरीनेच बसतो. पीठ इतकं बारीक झालं की पोटाला फारसं काम उरत नाही. 'मी ब्राउनच खातो' म्हणून चार स्लाइस खाण्यात अर्थ नाही तो यामुळे. आणि चतुर्थीच्या साबुदाणा खिचडीबद्दल मी या पत्रात काहीच लिहीत नाही, कारण मग भांडण होईल.

आता कृती. माप आपल्या मोठ्या कपाचं, म्हणजे २४० मिलीचं. दीड कप गव्हाचा कोंडा एका भांड्यात घे आणि त्यावर एक कप घट्टसर, थोडं आंबट ताक ओत. मीठ किंवा हिंग लावलेलं ताक नको. हे पंधरा मिनिटं तसंच राहू दे, आणि ही पायरी अजिबात टाळू नकोस. कोंडा कोरडाच पिठात गेला तर भाजताना आतलं सगळं पाणी शोषून घेतो आणि मफिन भुशासारखा होतो. कोंड्याच्या मफिनांची जी बदनामी आहे ना, ती निम्मी या घाईमुळे आहे. तो फुगेपर्यंत एक पिकलेलं केळं कुस्करून घे. साल काळी पडलेलं नको, कारण केळं जितकं जास्त पिकतं तितकं त्यातल्या पिठाचं साखरेत रूपांतर होतं. एक सफरचंद सालीसकट किस. चार खजूर बारीक चिरून टाक. पाव कप तेल आणि एक अंडं घाल. ज्या दिवशी अंडं नको असेल त्या दिवशी एक मोठा चमचा जवस कुटून तीन मोठे चमचे पाण्यात भिजव, दहा मिनिटांत ते चिकट होतं आणि अंड्याचं काम बऱ्यापैकी भागवतं. हे सगळं भिजलेल्या कोंड्यात मिसळ.

दुसऱ्या भांड्यात एक कप कणीक, एक चहाचा चमचा बेकिंग पावडर, पाऊण चमचा खायचा सोडा, पाव चमचा मीठ, एक चमचा दालचिनीपूड आणि थोडं जायफळ. पाव कप अक्रोड, पण बाबांच्या कवळीचा विचार करून अगदी बारीक चिरलेले. मग ओलं कोरड्यात ओत आणि हलक्या हाताने, फक्त कोरडं पीठ दिसेनासं होईपर्यंत हलव. गुठळ्या राहिल्या तर राहू देत. आई, तुझा हात फेटायला शिवशिवणार हे मला माहीत आहे, पण जास्त घोटलं की कणकेचा चिकटपणा वाढतो आणि मफिन चिवट होतो. आणि मिसळल्यावर थांबायचं नाही. आंबट ताकाला सोडा लागला की लगेच वायू सुटायला लागतो, तो भट्टीत सुटायला हवा, ओट्यावर नाही. म्हणून ओटीजी, म्हणजे आपली ती छोटी विजेची भट्टी, दहा मिनिटं आधी, दोन्ही सळया चालू करून, १९० अंशांवर तापव. बारा साच्यांत वाट आणि १८ ते २२ मिनिटं भाज. रंगावर जाऊ नकोस, हे पीठ मुळातच तपकिरी असतं. मधोमध काडी घाल, कोरडी निघाली की झालं.

ओटीजी बाहेर काढायचा कंटाळा आला तर आप्पेपात्र काढ. मला तर खरं तेच जास्त आवडतं. तेलाचं बोट फिरवायचं, पीठ घालायचं, झाकण ठेवून अगदी मंद आचेवर एक बाजू झाली की उलटायचं. साधारण तीन आप्पे म्हणजे एक मफिन. बाबांना तीन खाल्ल्याचं समाधान मिळतं आणि पोटात एकच जातो.

फळं मोसमाप्रमाणे बदल. सफरचंदाऐवजी किसलेलं गाजर छान लागतं. बिया काढलेला पेरूही चालेल. चिकू मात्र नको, आणि दुकानातली सुकी क्रॅनबेरी तर नकोच, ती बहुतेक साखरेत घोळवलेली असते.

हिशेब बाबांसाठी. या मापाने एका मफिनात साधारण १८-१९ ग्रॅम कर्बोदकं आणि त्यांपैकी ५ ग्रॅमच्या आसपास तंतू. म्हणजे पीठ-साखरेच्या दृष्टीने तो एका छोट्या फुलक्याएवढा आहे. म्हणून 'चालतो का' याचं उत्तर असं: चारच्या चहाबरोबर भडंग किंवा बिस्किटांच्या जागी एक चालतो. भडंग खाऊन झाल्यावर वरून एक, असा नाही. तुमच्या डॉक्टरांनी दिवसाचा जो हिशेब घालून दिलाय त्यात तो बसवायचा, त्याच्या बाहेर ठेवायचा नाही. चहात साखर घालून सोबत मफिन खाल्लात तर माझी सगळी मेहनत त्या कपात बुडाली. मफिन मोडताना गळालेला चुरा आणि आईने अर्धा ठेवलेला तिचा तुकडा, हेही हिशेबात धरायचं.

माझ्या आकड्यांवर विश्वास ठेवू नका, तुमच्या यंत्रावर ठेवा. मफिन खाण्याआधी एकदा आणि दोन तासांनी एकदा साखर तपासा. खाल्ल्यानंतरची साखर साधारण १८० च्या आत राहावी असं म्हणतात, पण तुमच्या वयाला आणि औषधांना डॉक्टरांनी जो आकडा सांगितला असेल तोच धरा. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी बिस्किटं खाऊन तसंच तपासा. मग दोन्ही आकडे शेजारी शेजारी लिहून मला पाठवा.

एक गोष्ट मात्र दोघांनी पाठ करून ठेवा. बाबा, तुमच्या गोळीने कधीकधी साखर खाली येते. घाम फुटला, हात थरथरले, डोळ्यांपुढे अंधारी आली आणि यंत्रात ७० च्या खाली दिसलं, तर तेव्हा मफिन द्यायचा नाही. कोंडा, तेल, अक्रोड यांमुळे त्यातली साखर सावकाश रक्तात उतरते, आणि त्या वेळी सावकाश नको असतं. तीन चमचे साखर पाण्यात विरघळवून द्यायची, पंधरा मिनिटांनी पुन्हा तपासायचं, अजून खालीच असेल तर पुन्हा द्यायची. बाबा शुद्धीत नसतील तर तोंडात काहीही घालायचं नाही, सरळ दवाखाना गाठायचा. आपल्याकडे साखरेचा डबा बाबांच्या नजरेपासून लपवलेला असतो. आई, तो कुठे आहे हे तुला तरी अंधारात सापडायला हवं.

आणि आई, तुझं. सकाळी थायरॉइडची गोळी घेतेस, तिच्या जवळपास कोंड्याचं काही खाऊ नकोस, गोळी नीट शोषली जात नाही. चारच्या चहाला काहीच हरकत नाही. पहिल्या आठवड्यात दोघांनी एकदम रोज सुरू करू नका, सवय नसेल तर पोट फुगतं. दिवसाआड खा, आणि पाणी भरपूर प्या. कोंडा खाऊन पाणी प्यायलं नाही तर बद्धकोष्ठ उलट वाढतं. बाबांच्या रक्ततपासणीत यंदा क्रिएटिनिन (मूत्रपिंडाचं काम दाखवणारा आकडा) वाढलेलं निघालं तर मात्र आधी डॉक्टरांना विचारा, कोंड्यात पोटॅशियम आणि फॉस्फरस बरंच असतं.

एवढे बारा एकदम संपवायचे नसतात हे सांगायला नको. साखर कमी म्हणून ते लवकर वाळतात, आणि सांगलीच्या उन्हाळ्यात बाहेर एका दिवसापलीकडे ठेवू नका. थंड झाले की दोन-दोनच्या पुड्या करून फ्रीझरमध्ये टाका, लागेल तशी एक काढा आणि तव्यावर झाकण ठेवून गरम करा. दोन-दोनच्या यासाठी की दुसरा तुझा आहे, आई. बाबांसाठी वेगळं पथ्याचं आणि स्वतःसाठी काल उरलेलं, हा तुझा शिरस्ता मला माहीत आहे. तू समोर बसून तेच खाल्लंस तर बाबांनाही ते आजाऱ्याचं खाणं वाटणार नाही, आणि तुझीही साखर मागच्या वेळी काठावरच होती ना? रविवारी करा. सोडा जुना असेल तर आधी नवीन आणा, आणि बाबांचं यंत्र काढाल तेव्हा पट्ट्यांची तारीखही बघून घ्या.

तुमची लेक