कंट्री संगीत केवळ गोऱ्यांचे नव्हे

महोदय,

केन बर्न्स यांच्या ‘कंट्री म्युझिक’ या माहितीपट मालिकेवर आपल्या रविवार पुरवणीत आलेला लेख वाचला. अमेरिकेत २०१९ मध्ये पीबीएस वाहिनीवर दाखवलेल्या या आठ भागांच्या मालिकेची दखल मराठी वृत्तपत्राने घेतली, याचा मनापासून आनंद झाला. पण कंट्री, म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण भागातून आलेले लोकप्रिय संगीत, हे गोऱ्या खेडुतांचे, असे लेखात सरसकट म्हटले आहे, ते पटले नाही. खुद्द मालिकाच वेगळे सांगते.

अमेरिकेतल्या नॅशव्हिल शहराच्या रेडिओवरील ‘ग्रँड ओल ऑप्री’ हा कार्यक्रम म्हणजे कंट्री गायकांची पंढरी. त्याच्या पहिल्या गाजलेल्या कलावंतांपैकी एक होते डीफोर्ड बेली, कृष्णवर्णीय माउथ ऑर्गनवादक. लहानपणी पोलिओने अंथरुणाला खिळलेल्या या माणसाने आगगाडीचे आवाज ऐकून ऐकून वाद्यात उतरवले. त्यांचे ‘पॅन अमेरिकन ब्लूज’ जरूर ऐकावे. वीतभर वाद्यातून इंजिन धापा टाकते, शिट्टी देते, चाकांची लय वाढत जाते. हजारो घरांत त्यांचे वादन पोचत होते, पण दौऱ्यावर गेले की गोऱ्यांच्या हॉटेलांत त्यांना खोली मिळत नसे. १९४१ मध्ये गाण्यांच्या हक्कांचा वाद झाला, त्यात त्यांना कार्यक्रमातून काढून टाकले. पुढे बूटपॉलिशच्या दुकानावर त्यांनी पोट भरले. १९८२ मध्ये ते वारले आणि कंट्री संगीताच्या ‘हॉल ऑफ फेम’मध्ये त्यांचे नाव लागायला २००५ साल उजाडले! ही हकिगत वगळून या संगीताचा इतिहास कसा काय सांगता येईल?

दुसरे नाव लेस्ली रिडल यांचे. कंट्री गाणाऱ्या प्रसिद्ध कार्टर कुटुंबातले ए. पी. कार्टर डोंगरदऱ्यांतून जुनी गाणी गोळा करत हिंडत, तेव्हा हे कृष्णवर्णीय गिटारवादक त्यांच्यासोबत असत. एक पाय अपघातात गमावलेला. कार्टर शब्द उतरवून घेत आणि चाल रिडल लक्षात ठेवत. तबकड्यांवर नाव मात्र कार्टर कुटुंबाचे. कंट्रीत वाजणाऱ्या बँजो या तंतुवाद्याचे मूळही आफ्रिकेतलेच, गुलाम म्हणून आणलेल्या माणसांनी ते वाद्य अमेरिकेत रुजवले.

बर्न्स यांचे मोठे काम मला वाटते ते मुलाखतींचे. कंट्री गायक मर्ल हॅगार्ड यांच्यासमोर त्यांनी वेळेत कॅमेरा नेला. मालवाहू डब्याचे घर केलेल्या ठिकाणी वाढलेला, तरुणपणी सॅन क्वेंटिनच्या तुरुंगात राहिलेला हा गायक स्वतःबद्दल स्वतःच बोलतो. एप्रिल २०१६ मध्ये हॅगार्ड गेले, मालिका तीन वर्षांनी आली. बेलींची गोष्ट मात्र इतरांना सांगावी लागते, याची हळहळ वाटते.

माझी तक्रार बर्न्स यांच्याकडेही आहे. मालिका १९९० च्या दशकाच्या मध्यावर आवरती घेतल्यामुळे नंतरच्या कृष्णवर्णीय कलावंतांच्या कारकिर्दीला तीत जागाच उरलेली नाही. पण आधीचा भाग तरी आपल्या वाचकांपर्यंत पूर्ण पोचावा. बेली आणि रिडल यांच्यावर आपल्या लेखकाने पुरवणीत आणखी एक लेख लिहावा, अशी आग्रहाची विनंती.

– एक वाचक, पुणे