गप्प उभ्या बाईची संहिता

मा. सांस्कृतिक कार्यमंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस
सप्रेम नमस्कार.

सरकारी अनुदानावर चालणाऱ्या एका सभागृहाने आमचा परफॉर्मन्स, म्हणजे कलाकाराचं शरीर हेच माध्यम असलेला प्रयोग, आदल्या संध्याकाळी रद्द केला. तोंडी होकार झाला होता, भाडं घेतलं होतं. कारण एकच: संहिता मंजूर नाही. कलाकार तीन तासांत एक शब्दही बोलणार नव्हती, म्हणून आम्ही कोरा कागद जोडला. त्यावरही ‘त्रुटी’ असा शेरा पडला. कोऱ्या कागदात काय खटकलं, तेवढं आपण विचारून घ्यावं.

विषय होता शस्त्रक्रियेनंतरचं शरीर. कलाकार उभी राहते आणि सहकारी तिच्या धडाचा साचा काढतात. अंगाला व्हॅसलीन, वर ओल्या प्लास्टर बँडेजचे तीन-चार पातळ थर, तेही फक्त पुढून. पाठीमागून वेढा घातला तर छाती फुलायला जागा राहत नाही. प्लास्टर घट्ट होताना स्वतःच तापतं. जाड लपेटलं तर कातडी भाजते. गुडघे ताठ ठेवून उभं राहिलं की पायांत रक्त साचतं आणि भोवळ येते, म्हणून पोटऱ्या आवळत-सोडत राहायचं. दोन हातांच्या अंतरावर एक माणूस आणि बोथट टोकाची कात्री. कलाकाराने मूठ उघडली की थांबवायचं.

यातलं काही तुमच्या परवानगीच्या अर्जात विचारलंय का? १९७४ साली बेलग्रेडमध्ये परफॉर्मन्स कलाकार मारिना अब्रामोविच ताऱ्याच्या आकाराच्या पेटत्या चौकटीच्या मधोमध झोपल्या. आगीने प्राणवायू संपवला, त्या बेशुद्ध पडल्या आणि प्रेक्षकांनी त्यांना बाहेर काढलं. तुमच्याकडे मात्र हवेसाठी रकाना नाही, प्रथमोपचारासाठी नाही. आहे तो संवादांसाठी!

आपल्याकडच्या परफॉर्मन्स कलाकार रुमाना हुसेन १९९५ साली मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात घुंगरू बांधून, हातात चिरलेली पपई घेऊन, तोंडाचा आ करून चालल्या. दंगलीनंतरची मुंबई होती ती. त्या न फुटलेल्या किंकाळीत कोणतं वाक्य गाळायला सांगितलं असतं तुम्ही? आणि पोतराज भर रस्त्यात अंगावर कोरडे ओढतो, त्याच्याकडे कोणी संहिता मागितल्याचं ऐकिवात नाही. बरंच आहे, मागूही नका.

नाटकांवर बंदी घालता येणारा इंग्रजांचा १८७६चा नाट्यप्रयोग कायदा केंद्राने मोडीत काढला. महाराष्ट्रात १९५१च्या पोलीस कायद्याच्या आधाराने पूर्वपरीक्षण, म्हणजे प्रयोगाआधी संहिता तपासून मंजूर करणं, चालूच. अमोल पालेकर त्याविरुद्ध २०१६मध्ये उच्च न्यायालयात गेले. तुमच्या खात्याला त्याचं काय? पुरस्कारांच्या यादीत नाटक, कीर्तन, शाहिरी, तमाशा सगळं आहे, आम्हीच कुठे बसत नाही. परवानगीच्या वेळी मात्र आम्ही बरोब्बर ‘नाटक’ होतो.

मागणी साधी आहे. शब्द नसलेल्या प्रयोगाला संहितेऐवजी सुरक्षा-टिपण चालावं: साहित्य, वेळ, सोबतचा माणूस, थांबवण्याची खूण. एक पान पुरतं. भाडं, प्रकाश, सफाई धरून तीसेक हजार गेले, पदरचे. अनामतही अडकली आहे; ती सोडवायला कोणती संहिता लागते, तेही कळवावं.

आपले,
परफॉर्मन्स करणारे काही नागरिक