टाकीतल्या लाल अळ्यांबद्दल

सभासदांनो, बी विंगच्या टाकीत दिसलेले लाल 'किडे' जंत नाहीत, डासांची पिल्लंही नाहीत. त्या कायरोनोमिड चिलटांच्या अळ्या आहेत. अंगातल्या हिमोग्लोबिनमुळे लाल दिसतात. मोठं झालेलं चिलट चावत नाही, जेमतेम काही दिवस जगतं. मादी पाण्याकाठी साबुदाण्याच्या खिरीसारखा बुळबुळीत पुंजका घालते. त्यात शेकडो अंडी! अळ्या तळच्या गाळात नळ्या करून राहतात, मग कोश, मग चिलट. म्हणून नुसतं क्लोरीन ओतून भागणार नाही, गाळच काढायचा आहे.

रविवारी सकाळी १० ते १ पाणी बंद. बादल्या भरून ठेवा. झाकण आणि ओव्हरफ्लो पाइपला बारीक जाळी त्याच दिवशी बसेल. नमुन्याची बाटली ऑफिसात आहे, मुलांना जरूर दाखवा.

– सचिव