रस्टनच्या आजोबांना

ती. स्व. आजोबांना सा. न.

घरच्या वडीलधाऱ्यांना तीर्थरूप लिहायचं आणि मानलेल्यांना तीर्थस्वरूप, असं शाळेत पत्रलेखनाला शिकवलं होतं. दुसरा मायना वापरायची वेळ आज पहिल्यांदा आली. तुम्हाला मराठी येत नाही, हे ठाऊक आहे. फोनवर वाचून दाखवीन आणि अर्थ सांगेन. नाव घालू नकोस असं तुम्हीच बजावलंय, म्हणून नुसतं आजोबा.

लुइझियानातल्या रस्टनला मी एमएस करायला आलो, तो ऑगस्ट महिना होता. वीस पौंडांची तांदळाची गोणी खांद्यावर घेऊन हायवेच्या कडेनं चाललो होतो. तुम्ही गाडी थांबवलीत आणि विचारलंत, "पोरा, हे घेऊन कुठवर जाणार आहेस?" त्या रात्री आई फोनवर ओरडली, अनोळखी माणसाच्या गाडीत बसतोस कसा! त्यानंतर दोन वर्षं दर शनिवारी मी त्याच गाडीतून किराणा आणला. पेट्रोलचे पैसे काढले की तुम्ही रेडिओचा आवाज वाढवायचात.

आणि त्या गाडीत कोच असायचे. म्हणजे त्यांच्या गोष्टी. सुरुवातीला मला कळेचना, की फुटबॉलच्या गोष्टीत चेंडू सतत हातातच कसा! तुमचा फुटबॉल वेगळा हे समजायला महिना गेला. रस्टनपासून जेमतेम आठ किलोमीटरवर ग्रॅम्बलिंग आहे, कृष्णवर्णीयांसाठी निघालेलं छोटं कॉलेज. तुमचे कोच, एडी रॉबिन्सन, तिथे 1941 मध्ये आले तेव्हा 22 वर्षांचे होते. त्याआधी बॅटन रूजच्या पशुखाद्याच्या गिरणीत तासाला 25 सेंटवर राबत होते. इथे पगार ठरला महिना 63 डॉलर 75 सेंट. त्यात फुटबॉल शिकवायचा, मैदानाचं गवत कापायचं, पोरांच्या घोट्यांना पट्ट्या बांधायच्या आणि सामन्याची बातमीही स्वतःच लिहून वर्तमानपत्राला धाडायची. पुढे बास्केटबॉलचा संघही त्यांच्याच गळ्यात पडला आणि बरीच वर्षं राहिला. तुमच्या थोरल्या भावाला दोन्ही खेळ त्यांनीच शिकवले. मला आमची एकशिक्षकी शाळा आठवायची, जिथे घंटासुद्धा मास्तरच वाजवायचे. ते मी बोलून दाखवलं तर तुम्ही हसत सुटलात. कोच खरंच भल्या पहाटे हातात घंटा घेऊन वसतिगृहातून फिरायचे म्हणे, पोरांनी उठून वर्गाला जावं म्हणून.

पहिल्या हंगामात तीन सामने जिंकले, पाच हरले. दुसऱ्या हंगामात नऊच्या नऊ जिंकले, आणि समोरच्या कुणालाही एक गुण करू दिला नाही. हे सांगताना तुमचं स्टिअरिंगवर लक्ष नसायचं.

पण मला घट्ट धरून ठेवलं ते कापसाच्या गोष्टीनं. मोठा सामना तोंडावर आलेला आणि संघातल्या दोन भावांना त्यांच्या बापानं घरी नेलेलं, कारण वेचणी खोळंबली होती. कोचनी बापाशी हुज्जत घातली नाही. अख्खा संघ घेऊन ते त्या शेतात गेले आणि सगळ्यांनी मिळून कापूस वेचून दिला. मग पोरं खेळायला मोकळी झाली. तुम्ही गंमत म्हणून सांगितलंत. मी यवतमाळकडचा, पऱ्हाटीत वाढलेला. सुकलेल्या बोंडाची टोकं नखाच्या कडेला कशी टोचतात, ते मला माहीत आहे. वेचणीच्या दिवसांत आमच्या वर्गातले निम्मे बाक रिकामे असायचे, आणि कुठले सर शेतात आल्याचं मला आठवत नाही. कोच स्वतः वाट्यानं शेती करणाऱ्याचा मुलगा. बापाची अडचण त्यांना सांगावी लागली नसणार.

बाकीचं सगळ्यांना ठाऊक आहे. 1997 मध्ये निवृत्त होईपर्यंत 408 विजय. दोनशेवर खेळाडू व्यावसायिक संघांत. 1988 च्या सुपर बोलमध्ये, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलच्या अंतिम सामन्यात, सर्वोत्तम ठरलेला क्वार्टरबॅक (चेंडू फेकून चाल चालवणारा) डग विल्यम्स त्यांचाच. तुम्ही त्या दोनशेंत नव्हतात. "मी बाकावरचा," असं तुम्हीच म्हणायचात, जरा ऐटीत. गोऱ्यांच्या हॉटेलांत जेवण मिळत नसे, म्हणून सामन्याला जाताना बसमध्ये सँडविच बांधून न्यायचे. ते वाटायचं काम तुमच्याकडे होतं.

शेवटचे दोन हंगाम मात्र तुम्ही कधी नीट सांगितले नाहीत. दोन्ही वर्षी तीन विजय, आठ पराभव, आणि कोचनी आता जावं म्हणणारी माणसं. ती कोण, हे मी एकदा विचारलं. तुम्ही खिडकीची काच खाली केलीत. कोचच्या संग्रहालयात मला घेऊन गेलात, तेव्हाही आत न येता दाराशी खुर्ची ओढून बसलात. पूर्वी ती मुलींची व्यायामशाळा होती, एवढंच म्हणालात.

आता मुख्य गोष्ट. दुसऱ्या वर्षी माझ्या पाच मुलाखती लागोपाठ फसल्या. परतीच्या तिकिटाचे दर मी बघायला लागलो होतो. तुम्ही मला घरी बोलावलंत, स्वतःचा टाय आणलात आणि आरशासमोर उभं केलंत. दार उघडून आत ये. नाही, परत जा, पुन्हा ये. हात असा नको देऊस, मेलेला मासा वाटतो. कोच आम्हाला कोट-टाय घालायला लावायचे, काटा-चमचा कसा धरायचा तेही शिकवायचे, तुला काय धाड भरलीय? तीन संध्याकाळी तुमच्या बैठकीच्या खोलीत मी किमान चाळीस वेळा आत आलो असेन. प्रश्न तुम्ही विचारायचात. संगणकातलं तुम्हाला काही कळत नव्हतं, तरी माझं उत्तर लांबलं की जांभई द्यायचात. ती जांभई मी अजून विसरलेलो नाही. सहाव्या मुलाखतीत नोकरी लागली.

तेव्हा घाईत नीट आभार मानले नाहीत. टायही परत केला नाही. तुम्ही मारलेली गाठ अजून तशीच आहे, सैल करून डोक्यावरून काढतो.

येत्या नोव्हेंबरात येतोय. थँक्सगिव्हिंगनंतरच्या शनिवारी ग्रॅम्बलिंग आणि सदर्न विद्यापीठाचा सामना तुमच्याच टीव्हीवर बघू. मध्यंतरात बँड वाजत असताना मी बोलणार नाही, ती शिस्त लक्षात आहे. राजमा-भात माझ्यापुरता सॉसेजशिवाय करा, त्या वर्षी केला होतात तसा. आईनं तुमच्यासाठी तिळाची चटणी दिली आहे. तिखट आहे, आधीच सांगतो.

तुमचा,
तांदळाच्या गोणीवाला