पुण्यात अडकलेल्या अफगाण लेकींना मुदतीत निर्णय द्या : केंद्रीय गृहमंत्र्यांना खुलं पत्र

माननीय केंद्रीय गृहमंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली

महोदय,
सप्रेम नमस्कार.

पुण्यात शिकायला आलेली आणि १५ ऑगस्ट २०२१ला काबूल तालिबानच्या हाती गेल्यावर परतीची वाट बंद झालेली काही अफगाण मुलं-मुली अजून इथेच आहेत. त्यांच्या वतीनं हे पत्र लिहिते आहे. मागणी एकच आहे : त्यांना दीर्घ मुदतीचा व्हिसा द्या. त्यासाठी नवा कायदा करावा लागत नाही. भारतानं १९५१च्या निर्वासित करारावर सही केलेली नाही हे खरं, पण तुमच्याच मंत्रालयानं २९ डिसेंबर २०११ला एक कार्यपद्धती ठरवून दिली आहे. वंश, धर्म, लिंग, वांशिक ओळख किंवा राजकीय मत यांमुळे छळ होण्याची रास्त भीती असलेल्या परदेशी माणसाला सुरक्षा तपासणीनंतर दीर्घ मुदतीचा व्हिसा देता येतो, आणि तो मिळाला की खासगी क्षेत्रात नोकरी करता येते, शिक्षण घेता येतं. या निकषांत ‘लिंग’ आहे, याकडे मी मुद्दाम लक्ष वेधते.

मी पुण्यात अनेक वर्षं अर्थशास्त्र शिकवलं. वर्गात अफगाण विद्यार्थी असणं आमच्याकडे नवलाईचं नव्हतं. भारतीय सांस्कृतिक संबंध परिषद वर्षाला एक हजार अफगाण विद्यार्थ्यांना शिष्यवृत्ती देत असे. त्यांतले बरेच पुण्याला यायचे, स्वतःच्या खर्चानं येणारे वेगळेच. पदवी घेऊन ते परत जायचे आणि तिकडच्या सरकारी खात्यांत, बँकांत, विद्यापीठांत नोकरीला लागायचे. भारतानं काबूलमध्ये संसदेची इमारत बांधून दिली, हेरात प्रांतात सलमा धरण उभं केलं. त्याचा मला अभिमान आहे. पण त्या देशासाठी आपण केलेलं सगळ्यात मोठं काम म्हणजे ही शिकलेली माणसं, असं मी मानते.

२०२१च्या ऑगस्टअखेर भारताबाहेर असलेल्या अफगाणांना आधी दिलेले व्हिसा रद्द झाले. कोरोनामुळे घरी जाऊन ऑनलाइन तास करणारे विद्यार्थी तिकडेच अडकले. जे इथे होते ते इथे अडकले. त्यांतल्या एका मुलीबद्दल सांगते. नाव देत नाही, कारण तिचे आईवडील अफगाणिस्तानात, बामियानमध्ये आहेत.

ती हजारा, म्हणजे अफगाणिस्तानातल्या बहुतांशी शिया मुसलमान असलेल्या अल्पसंख्य समाजातली आहे. एम.ए. झाली तेव्हा तिच्या देशात मुलींच्या माध्यमिक शाळा बंद होत्या. डिसेंबर २०२२मध्ये विद्यापीठंही बंद झाली, त्याच महिन्यात स्वयंसेवी संस्थांत काम करायलाही बायकांना मनाई झाली. अर्थशास्त्राची पदवी घेऊन तिनं परत जाऊन करायचं काय? म्हणून तिनं इथे दुसऱ्या विषयात प्रवेश घेतला. तो झाला की पदविका घेतली. शिकायची हौस नाही असं नाही, पण खरं कारण हे, की प्रवेश असेल तरच विद्यार्थी व्हिसा वाढतो. परदेशी विद्यार्थ्यांची फी आपल्या मुलांपेक्षा कितीतरी जास्त, आणि विद्यार्थी व्हिसावर कमावता येत नाही. तिची प्लॅस्टिकची फाईल मी चाळली आहे. निवास परवाने, बोनाफाईड, घरमालकानं भरायचा सी फॉर्म, भाडेकरार. सगळं तारीखवार लावलेलं. व्हिसा जितक्या महिन्यांचा, तितक्याच महिन्यांचा करार. एकदा मुदतवाढीला उशीर झाला तर बँकेनं खातं गोठवलं, आणि महिनाभर मैत्रिणींनी तिचा डबा भरला.

फी तिचा भाऊ भरतो. तो जर्मनीत हॅम्बुर्गला आहे, तिथे अफगाणांची मोठी वस्ती आहे. तिथल्या सरकारनं त्याला संरक्षण दिलं, भाषेच्या वर्गाला बसवलं, कामाचा परवाना दिला. आज तो गोदामात पाळीनं काम करतो, कर भरतो आणि दर सत्राला बहिणीसाठी पैसे पाठवतो. भाऊ बारावीनंतर शिकला नाही. बहिणीकडे आपल्या विद्यापीठाची दोन प्रमाणपत्रं आहेत, दारी (अफगाणिस्तानातली फारसी) आणि इंग्रजी तर येतंच, हिंदी ती माझ्यापेक्षा बरी बोलते आणि भाजीवाल्याशी मराठीत घासाघीस करते. तरीही तिला इथे शिकवणी घेऊन चार पैसे मिळवण्याची मुभा नाही.

पासपोर्टच्या नूतनीकरणाचा प्रश्न याहून अवघड आहे. दिल्लीतल्या जुन्या अफगाण दूतावासानं नोव्हेंबर २०२३मध्ये कायमचं काम थांबवलं. मुंबईच्या वाणिज्य दूतावासात तालिबाननं २०२४मध्ये आपला माणूस नेमला. म्हणजे ज्या राजवटीच्या भीतीनं ती परत गेली नाही, तिच्याच प्रतिनिधीपुढे तिनं आपलं नाव, गाव आणि पुण्याचा पत्ता घेऊन उभं राहायचं. ही पाळी तिच्यावर येऊ नये यासाठी तुम्ही काहीतरी करू शकता. भारतानं दिलेला कागद हाती असेल तर तिला त्या दारात जावं लागणार नाही, अशी तरतूद त्या व्हिसाबरोबर व्हायला हवी.

दिल्लीतल्या अफगाणांचंही हेच आहे. लाजपतनगर, भोगल इथे फारसीतल्या पाट्या आणि नानचे तंदूर दिसतात, म्हणून वस्ती स्थिरावली असं वाटतं. पण उपचारांसाठी येणाऱ्या काबूलच्या रुग्णांना दुभाषा म्हणून मदत करत अनेकांचं घर चालत होतं. २०२१नंतर रुग्ण आटले आणि ती कमाई गेली. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित कार्यालयाचं ओळखपत्र त्यांच्या खिशात असतं, पण नोकरी देणाऱ्याच्या लेखी त्याचा उपयोग नसतो.

तुमचं सरकार या बाबतीत काहीच करत नाही असं मी म्हणणार नाही. अफगाणिस्तानातून छळामुळे ३१ डिसेंबर २०२४पर्यंत आलेल्या शीख, हिंदू आणि इतर अल्पसंख्याकांना पासपोर्ट-व्हिसाच्या अटींतून तुम्ही सूट दिलीत. काबूलच्या गुरुद्वारांवर २०२० आणि २०२२मध्ये जे हल्ले झाले ते पाहता ती द्यायलाच हवी होती. २०२५मध्ये अफगाणांसाठी विद्यार्थी आणि वैद्यकीय व्हिसाही पुन्हा सुरू झाले. पण हजारा शाळांवर आणि शिकवणीच्या वर्गांवरही बॉम्ब फुटले आहेत, त्यात मुली मेल्या आहेत. मुसलमान म्हणून जन्मलेल्या मुलीला तिकडे कमी धोका आहे, असं कोण म्हणेल?

सुरक्षेची काळजी मला समजते. पण या मुलांची माहिती तुमच्याकडे जितकी आहे तितकी इथल्या क्वचितच कुणाची असेल. बदललेला प्रत्येक पत्ता, प्रत्येक परीक्षेचा निकाल पोलिसांच्या नोंदीत आहे. दीर्घ मुदतीचा व्हिसा देण्याआधी तपासणी होतेच. ती करा, पण वेळेत करा.

ऑक्टोबर २०२५मध्ये तालिबानचे परराष्ट्रमंत्री दिल्लीत आले आणि काबूलमधलं आपलं कार्यालय पुन्हा दूतावास झालं. शेजाऱ्याशी बोलावं लागतं, त्याला माझा विरोध नाही. आता संबंध सुधारले, तेव्हा परत जा, असं मात्र या मुलींना कुणी सांगू नये. त्या परराष्ट्रमंत्र्यांच्या दिल्लीतल्या पहिल्या पत्रकार परिषदेला महिला पत्रकारांना बोलावलं नव्हतं, हे आपण सगळ्यांनी पाहिलं.

म्हणून पुण्याच्या परदेशी नागरिक नोंदणी विभागाला तुमच्याकडून लेखी सूचना जावी, की २०११च्या कार्यपद्धतीखाली अफगाण विद्यार्थ्यांचे आणि माजी विद्यार्थ्यांचे अर्ज घ्यावेत, ठरावीक मुदतीत निर्णय द्यावा, नकार असेल तर कारण लेखी द्यावं, आणि निर्णय होईपर्यंत कुणाचं खातं गोठू नये, कुणाला घर सोडावं लागू नये. जूनमध्ये नवे प्रवेश सुरू होतात. त्याआधी ही सूचना निघाली, तर माझ्या विद्यार्थिनीला केवळ व्हिसासाठी चौथा अभ्यासक्रम शोधावा लागणार नाही.

आपली विश्वासू,
पुण्यातील एक निवृत्त प्राध्यापिका