शांत झालेला रुग्ण बरा झालेला नसतो

रविवार पुरवणीतील लोबोटॉमीवरचा, म्हणजे मनोविकारासाठी मेंदूच्या पुढच्या भागातील जोडण्या तोडणाऱ्या शस्त्रक्रियेवरचा, लेख वाचला. सारा दोष वॉल्टर फ्रीमन या एकट्या अमेरिकी डॉक्टरवर टाकणे मात्र पटले नाही. चूक त्याआधीच, यश मोजण्यात झाली होती. लिस्बनमध्ये मज्जाविकारतज्ज्ञ एगास मोनिझ यांनी १९३५ मध्ये सहकारी शल्यविशारदाकडून शस्त्रक्रिया सुरू करवल्या आणि अवघ्या २० रुग्णांच्या काही आठवड्यांच्या निरीक्षणावर निष्कर्ष छापले. आरडाओरडा थांबला की रुग्ण ‘सुधारला’; त्याची उमेद गेली, माया आटली, हे मोजलेच नाही. तरीही १९४९ मध्ये मोनिझना नोबेल मिळाले!

फ्रीमन यांनी १९४६ पासून हेच काम काही मिनिटांवर आणले. विजेच्या झटक्याने बेशुद्धी, वरच्या पापणीखालून टोकदार सळई, हातोडीच्या ठोक्याने डोळ्याच्या खोबणीचे पातळ हाड फोडून सुमारे ५ सेंटिमीटर आत, मग मेंदूतील जोडण्या तोडायला ती आडवी फिरवायची. कवटी बंदच असल्याने रक्तवाहिनी तुटली तरी दिसत नसे. काही रुग्ण त्या रक्तस्रावानेच दगावले.

आपल्याकडे २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानुसार मनोविकारासाठी मेंदूवर शस्त्रक्रिया करायची तर रुग्णाची समजून-उमजून दिलेली संमती आणि संबंधित मानसिक आरोग्य पुनरावलोकन मंडळाची मंजुरी, दोन्ही लागतात. लेखात हा उल्लेख यायलाच हवा होता.

– एक मानसोपचारतज्ज्ञ, पुणे